एका शेऱ्याने गेलेलं वर्ष

‘सदर सूचनेची नोंद घेण्यात आली असून निधीच्या उपलब्धतेनुसार उचित कार्यवाही करण्यात येईल.’

तुम्ही उपनगरात राहत असाल, पालिकेला कधी एखादी सूचना लिहून पाठवली असेल आणि उत्तरात हे वाक्य आलं असेल, तर ते मी लिहिलेलं असण्याची बरीच शक्यता आहे. खाली सही साहेबांची असते. वाक्य माझं.

मी सुलभा परब. पालिकेच्या एका विभाग कार्यालयात लेखा शाखेत होते, हेड क्लार्क म्हणून निवृत्त झाले. कार्यालय नेमकं कुठलं ते सांगत नाही, मालाडच्या आसपासचं समजा. अंकासाठी अनुभव लिहा म्हणून संपादकबाईंचा फोन आला तेव्हा त्यांना वाटत होतं, मी तुंबलेल्या नाल्यांच्या आणि पडलेल्या इमारतींच्या गोष्टी सांगेन. त्या इंजिनिअर लोकांनी सांगाव्यात. माझ्याकडे सांगण्यासारखी एकच गोष्ट आहे आणि ती माझ्या मत्सराची आहे.

आधी काम काय होतं ते सांगते, नाहीतर पुढचं कळणार नाही.

दरवर्षी अर्थसंकल्प बनवण्याआधी पालिका लोकांना विचारते, की पुढच्या वर्षी पैसे कशावर खर्च करावेत, तुम्हीच सुचवा. पेपरात जाहिरात येते. मग लोक लिहितात. हल्ली ई-मेल जास्त, पण आमच्या कार्यालयात कागदही पुष्कळ यायचे. एकाने लग्नपत्रिकेच्या पाठकोऱ्या बाजूवर लिहिलं होतं. एका बाईंनी मागणी केली होती, की वरच्या मजल्यावरचे शेजारी दुपारी भिंतीत ड्रिल मारतात, ते बंद करण्यासाठी अर्थसंकल्पात तरतूद करावी. हसू नका. त्यावरही अभिप्राय लिहावा लागतो. ‘सदर बाब या कार्यालयाच्या अखत्यारीत येत नाही.’ मी लिहिला.

हे सगळे कागद वाचायचे, रस्ते, पाणी, बाग, आरोग्य असे गठ्ठे करायचे आणि प्रत्येकावर दोन ओळींचा अभिप्राय तयार करायचा, हे माझं काम. एकोणीस वर्षं केलं. त्यात एक कसब आहे आणि ते मला चांगलं येत होतं, हे सांगायला मी लाजणार नाही. अभिप्रायात कर्ता नसावा. ‘मी बघते’ म्हटलं की अडकलात. ‘बघण्यात येईल’ म्हटलं की कोणीच अडकत नाही. नवीन मुलींना मी हेच शिकवायचे. माझं उत्तर वाचून कोणी चिडून भांडायला आलं नाही. खूश होऊनही कोणी आलं नाही, पण ते माझ्या फार उशिरा लक्षात आलं.

आला तो एकच माणूस. अभ्यंकरकाका. बँकेतून निवृत्त झालेले, मालाड पश्चिमेला राहणारे. दर जानेवारीत चौदा पानांची सूचना पाठवायचे, तक्ते आखून, लाल-निळ्या शाईत. एका वर्षी ते स्वतःच आले. हातात माझी मागची पाच उत्तरं, एका मोठ्या कागदावर शेजारी-शेजारी चिकटवलेली.

“हे वाक्य कोण लिहितं? मला त्या व्यक्तीला बघायचंय.”

अख्खी शाखा माझ्याकडे बघायला लागली. मी उभी राहिले.

“तुम्ही होय? बसा, बसा. मॅडम, पहिली तीन वर्षं तुम्ही ‘योग्य कार्यवाही’ लिहिलंत. मग ‘उचित कार्यवाही’ केलंत. फरक काय?”

मी म्हटलं, “सर, ‘योग्य’ म्हटलं की लोक महिन्याभरात विचारायला येतात. ‘उचित’ जरा जास्त टिकतं.”

ते इतके हसले, की शिपायाने पाणी आणून दिलं. त्यानंतर दरवर्षी ते आपली चौदा पानं माझ्याच हातात द्यायचे. समोर बसून चहा घ्यायचे आणि मागच्या वर्षीच्या उत्तरातले शब्द तपासायचे. मी लिहिलेलं शब्दन् शब्द वाचणारा माणूस मला घरातसुद्धा मिळाला नव्हता. माझा तो एकुलता एक वाचक होता म्हणा ना.

आता शालिनी. शालिनी वाघमारे आणि मी एकाच परीक्षेतून पालिकेत लागलो, एकाच दिवशी रुजू झालो. माझे वडील लालबागच्या गिरणीत होते. तिचे वडील नांदेडकडून आलेले, पोस्टात कामाला. आम्ही दोघी वीस-बावीस वर्षं एका डब्यात जेवलो. तिच्या हातची शेंगदाण्याची चटणी मी माझ्या घरच्या डब्यात भरून न्यायचे, आणि माझ्या आईची सोलकढी ती बाटलीसकट पळवायची.

ती खाली तक्रार खिडकीवर बसायची. खिडकीपुढे उभं राहून लोक विचारायचे, “वाघमारे मॅडम आहेत का?” नसली तर उद्या येतो म्हणायचे. एकदा मी शेजारी उभी होते. एक गृहस्थ गटाराची तक्रार घेऊन तावातावाने आले. शालिनीने सगळं ऐकून घेतलं, मग म्हणाली, “काका, हे गटार आमचं नाहीच. हे काम माझ्याकडून होणार नाही, उगाच अर्ज घेऊन ठेवत नाही. कोणाचं आहे ते सांगते, आणि तिथे कोणाला भेटायचं तेही लिहून देते.” ते गृहस्थ थँक्यू म्हणून गेले. काम झालं नव्हतं. ‘नाही’ ऐकून माणूस खूश होऊन गेला! मी एकोणीस वर्षं ‘नाही’ न म्हणता लोकांना परत पाठवत होते आणि मला कोणी थँक्यू म्हटलं नव्हतं.

सुरुवात तिथे झाली असावी. गणपतीत तिच्या खिडकीवर मोदकांचे डबे यायचे. डहाणूचा कोणी चिकूची पेटी ठेवून जायचा. ती सगळं वर आणून वाटायची, पहिला वाटा मला. मी चिकू खायचे आणि मनात म्हणायचे, अभिप्राय मी लिहायचे आणि चिकू हिला.

मग नवे साहेब आले. त्यांनी ठरवलं, की यंदा सूचना नुसत्या कागदावर घ्यायच्या नाहीत, लोकांना हॉलमध्ये बोलवायचं, समोरासमोर ऐकायचं. मला वाटलं, हे माझंच काम. कोण काय मागतं, कोणत्या वस्तीची जुनी मागणी कोणती, सगळं मला तोंडपाठ. मी नवी साडीसुद्धा काढून ठेवली होती.

साहेब म्हणाले, “परब मॅडम, तुमचं ड्राफ्टिंग उत्तमच आहे. तुम्ही इतिवृत्त लिहा. पण लोकांसमोर वाघमारे मॅडम बऱ्या.”

बऱ्या. तो शब्द घेऊन मी घरी गेले. डोकं दुखतंय म्हणून आडवी झाले. आई तेव्हा होती. कपाळाला बाम लावता लावता तिने सगळं ऐकलं आणि म्हणाली, “डोक्यात नाय गो, पोटात दुखता तुझ्या.”

कार्यालयात कुजबूज झालीच. एक-दोघे चहाच्या टेबलावर म्हणाले, “तिला कसं मिळतं सगळं, माहितीये ना.” अर्थ सगळ्यांना कळला. परीक्षेच्या यादीत शालिनीचं नाव माझ्यापेक्षा नऊ नंबर वर होतं, हे त्या टेबलावर फक्त मला ठाऊक होतं. मी चहा प्यायले. काही बोलले नाही. या लेखात पुढे मी जे सांगणार आहे त्याच्याइतकंच मला हेही टोचतं.

हॉलमध्ये गर्दी झाली. शालिनी माइक हातात न घेता मधल्या वाटेत उभी राहिली. मी मागच्या कोपऱ्यात वही घेऊन. मनोरीहून तीन कोळणी आल्या होत्या. मालाडच्या एका मासळी बाजारात बसणाऱ्या. त्यांतली वयाने मोठी मंजुळामावशी उठली, पण बोलेना. शालिनी तिच्याजवळ गेली.

“मावशी, मला एकटीलाच सांगा असं समजा.”

“आमी सकाळची लाँच पकडून मार्व्याला येतो, तिथून बाजारात. दुपारपर्यंत बसतो. बाजारात बाप्यांची मुतारी हाय. बायांना काय नाय.”

“मग काय करता?”

“पानीच पीत नाय.”

शालिनीने मागे वळून मला सांगितलं, “सुलभा, जसं बोलल्या तसंच लिही हं.” मी लिहिलं. एरवी मी लिहिलं असतं, ‘महिला विक्रेत्यांसाठी स्वच्छतागृहाची मागणी.’

थोड्या वेळाने अभ्यंकरकाका उठले. चौदा पानं उघडली. शालिनी म्हणाली, “काका, हे सगळं मी घरी नेऊन वाचते, खरंच वाचते. आत्ता एकच सांगा. सगळ्यांत महत्त्वाचं कोणतं?”

मला वाटलं, आता म्हातारा हिला सोडत नाही. काकांनी पानं चाळली. फाइल बंद केली. म्हणाले, “या चौदा पानांत नाहीये ते. या बाई आत्ता बोलल्या, ते पहिलं करा.” आणि खाली बसले.

इतक्या वर्षांत त्यांनी मला कधी एका वाक्यात काही सांगितलं नव्हतं. मी विचारलंच नव्हतं, हे खरं. पण त्या वेळी तसं वाटलं नाही. माझा माणूस हिने पाच मिनिटांत नेला, एवढंच वाटलं. आठवड्याने त्यांचं आभाराचं पत्र आलं, ‘प्रति, वाघमारे मॅडम.’ आवकेचा शिक्का मारायला ते माझ्याच टेबलावर आलं. मी शिक्का मारला, जरा जोरात.

शालिनीने मावशीची मागणी मनावर घेतली. ती वर माझ्याकडे आली, खुर्ची ओढून बसली.

“सुलभा, पैसे कुठून काढायचे गं? पुढच्या वर्षाचं पुस्तक तर छापायला गेलं. यंदाचं काही होईल का? तुलाच माहीत.”

इथे थोडं समजावून सांगते. पालिकेचा पैसा एका ढिगात नसतो. प्रत्येक कामाच्या नावाने वेगळा ठेवलेला असतो. रस्त्याचा पैसा बागेवर खर्च करता येत नाही. करायचाच असेल तर रीतसर मंजुरी घेऊन तो या नावावरून त्या नावावर न्यायचा. याला पुनर्विनियोजन म्हणतात. आणि एकतीस मार्चच्या आत तो कामाला लागला नाही, तर तो परत जातो. तुमच्या विभागाचा राहत नाही.

मी डोळे मिटून सांगितलं, “एका बागेत कारंजं बसवायचं होतं. कंत्राटदार आलाच नाही, पैसे पडून आहेत. ते फिरवता येतील.”

ती उठून मला चक्क बिलगली. “झकास! तू ग्रेट आहेस यार!”

त्या दिवशी मला मनापासून बरं वाटलं होतं, हे लिहायलाच हवं. तेवढ्यावर सगळं थांबलं असतं तर मी हा लेख लिहिला नसता.

आठवड्याच्या बैठकीत साहेबांनी सगळ्या शाखांसमोर सांगितलं, “वाघमारे मॅडमकडे बघा. नुसती मागणी ऐकली नाही, निधीसुद्धा शोधून काढला.” शालिनी म्हणाली, “सर, ते सुलभाने...” तेवढ्यात साहेबांचा फोन वाजला. ते बोलत बोलत बाहेर गेले आणि टाळ्या वाजून गेल्या होत्या. बाहेर पडल्यावर ती म्हणाली, “मी सांगते हं त्यांना, तूच शोधलंस म्हणून.” मी म्हटलं, “अगं सोड, काय फरक पडतो.” तिने सांगितलं की नाही मला माहीत नाही. मी कधी विचारलं नाही.

फाइल माझ्याकडे आली ती फेब्रुवारीच्या शेवटी. माझ्या शाखेची हरकत नाही असा शेरा पडला, की ती साहेबांकडे आणि मग मुख्यालयात. फाइल नीट होती. फक्त जागा पालिकेचीच आहे असा मालमत्ता शाखेचा दाखला जोडायचा राहून गेला होता. त्या दाखल्याची प्रत माझ्याकडे होती. दोन वर्षांपूर्वी त्याच बाजाराच्या छपराची दुरुस्ती झाली, तेव्हाची. माझ्या पाठीमागच्या कपाटात, वरच्या कप्प्यात. उठायचं, काढायची, जोडायची. दोन मिनिटांचं काम.

मी पेन घेतलं आणि लिहिलं, ‘जागेच्या मालकीबाबतचा दाखला सोबत जोडलेला दिसून येत नाही. कृपया पूर्तता व्हावी.’

नियमाने एकदम बरोबर. कोणीही बोट ठेवू शकलं नसतं. सही करताना शालिनी समोरच बसली होती, चहा पीत. “काय राहिलं गं?” म्हणाली. “एक दाखला. मालमत्तावाले देतील,” मी म्हटलं.

मालमत्ता शाखेतला माणूस मुलीच्या लग्नासाठी गावी गेला होता. मला ते माहीत होतं का? हो, आहेराच्या वर्गणीत माझं नाव होतं. फाइल त्याच्या टेबलावर पडून राहिली. शालिनी रोज तिकडे खेटे घालायची. मार्च उजाडला, अर्धा झाला. रोज सकाळी मी कपाट उघडायचे, खालच्या कप्प्यातली रजिस्टरं काढायचे आणि कपाट बंद करायचे. मनात म्हणायचे, उद्या देते, सहज सापडला असं म्हणेन. फार काही नाही, हिला थोडं धावू दे. एकदा तरी हिचं काम हिच्या गोड बोलण्याने होऊ नये, एवढंच मला हवं होतं.

फाइल आली एप्रिलच्या दुसऱ्या आठवड्यात, दाखल्यासकट. पैसे गेलेले होते. कारंजंही नाही आणि शौचालयही नाही.

शालिनी स्वतः बाजारात जाऊन त्या बायकांना सांगून आली. परत आली ती थेट माझ्याकडे. चेहरा उतरलेला.

“सुलभा, मी आजवर कोणाला ‘होईल’ म्हणाले नव्हते गं. यांना म्हणाले. पहिल्यांदा.”

मी तिच्या हातावर हात ठेवला. आणि माझ्या आत काय होत होतं तेही सांगते. पायातला काटा निघाल्यासारखं वाटत होतं. दोन दिवस छान गेले माझे. तिच्या खिडकीवरून कोणीतरी “तुम्हीपण त्यांच्यातल्याच” असं म्हणून गेलं, तेही मला कोणीतरी येऊन सांगितलं, आणि मी ते दोनदा सांगायला लावलं.

पावसाळा संपता संपता एका दुपारी जेवताना शालिनी म्हणाली, “मंजुळामावशी हॉस्पिटलात आहे. लघवीचा त्रास, ताप चढला, पार वाट लागलीये. डॉक्टर म्हणाले पाणी प्यायलाच पाहिजे. ती डॉक्टरांना म्हणते, पिऊन जाऊ कुठं?” आणि तिने डब्यातली चटणी नेहमीप्रमाणे माझ्या बाजूला सरकवली. मी पोट बिघडलंय म्हणून उठले.

त्यानंतर पंधराएक दिवसांनी अभ्यंकरकाका आले. जानेवारी नव्हता, हातात चौदा पानंही नव्हती. बाजाराच्या फाइलवर कोणी काय लिहिलं, त्याच्या प्रती त्यांनी माहितीच्या अधिकारात काढल्या होत्या. माझ्यासमोर बसले. चहा नको म्हणाले. एक कागद माझ्याकडे फिरवला.

“‘जोडलेला नाही’ असं लिहिलेलं नाही. ‘जोडलेला दिसून येत नाही’ असं लिहिलंय. सही आद्याक्षरांची आहे, पण हे वाक्य मी कुठेही ओळखेन, मॅडम.”

“नियमाप्रमाणेच आहे, सर.”

“नियमाप्रमाणेच असणार. तुमचं कधी चुकलेलं मी पाहिलं नाही.” मग हळूच विचारलं, “दाखला होता का तुमच्याकडे?”

मी कपाटाकडे बघितलं नाही, पण बहुतेक मान जराशी वळली असेल. म्हातारा बँकेत आयुष्य काढलेला. त्यांनी कागद उचलून पिशवीत ठेवला.

“वाघमारे मॅडमना मी सांगणार नाही. ते काम माझं नाही,” म्हणाले आणि गेले. पुढच्या जानेवारीत त्यांची चौदा पानं ई-मेलने आली.

मग मी काय केलं? जे येत होतं ते केलं. पुढच्या अर्थसंकल्पात त्या शौचालयाला स्वतंत्र तरतूद मिळावी म्हणून टिपणी लिहिली, आणि आयुष्यात पहिल्यांदा मावशीचं वाक्य टिपणीत तसंच्या तसं घातलं, ‘पानीच पीत नाय.’ साहेबांनी भुवई उंचावली, पण खोडलं नाही. दाखला पहिल्या पानाला जोडला. एप्रिलमध्ये मंजुरीची फाइल मी स्वतः हातात धरून टेबलावरून टेबलावर फिरवली. ज्या टेबलाला हेड क्लार्क कधी जात नाही, तिथेही उभी राहिले. दिवाळीच्या आत शौचालय झालं, नळासकट. नारळ फोडायला साहेब गेले, शालिनी गेली. जाताना मला बोलवायला आली होती, “चल ना गं, सगळी धावपळ तूच केलीस.” मी काम आहे म्हटलं. वरच्या खिडकीतून ती जीपमध्ये बसताना दिसली. त्या बायकांनी तिला ओवाळलं, असं नंतर कळलं. मला वाईट वाटायला हवं होतं ते वाटलंच, पण त्याच्या खाली ते जुनं जळणंही होतं. गेलं नव्हतं.

निवृत्तीला महिना राहिला तेव्हा एका दुपारी कँटीनमध्ये मी तिला सगळं सांगितलं. आधी तिला वाटलं, मी थट्टा करतेय. मग तिने डब्याचं झाकण लावलं.

“कपाटात होता?”

“हो.”

“कुठल्या कप्प्यात?”

“वरच्या.”

“मी तुझ्यासमोर चहा पीत बसले होते त्या दिवशी.”

“हो.”

तिने झाकणावरून बोट फिरवलं. “मी तुझं काय घेतलं होतं गं?” असं तिने विचारलं. मोदक, चिकू, अभ्यंकरकाका, ‘बऱ्या’ हा शब्द, यांतलं काहीच तोंडाने सांगण्यासारखं नव्हतं.

“शालिनी, माफ कर मला.”

“माझं सोड,” ती म्हणाली. आवाज चढला नाही. “मला खोटं पडावं लागलं, ते मी सहन केलं. मावशीला जाऊन सांग.”

“तिला फाइलचं काय कळणार?”

“फाइल नको सांगूस. तू काय केलंस ते सांग.”

माझ्या निरोप समारंभाला ती आली. हार घातला, फोटोला उभी राहिली. भाषण करायला सांगितलं तेव्हा नको म्हणून मान हलवली. साऱ्या कार्यालयाला वाटलं, मैत्रीण जाणार म्हणून हिला भरून आलंय. त्यानंतर आमचं बोलणं सणासुदीला, ‘कशी आहेस’, ‘बरी आहे’, एवढंच उरलं.

मावशीकडे जायला मला आठ महिने लागले. एका सकाळी पिशवी घेऊन बाजारात गेले. ती पाटीमागे बसून सुरमई कापत होती. शेजारी पाण्याची बाटली होती, अर्धी प्यायलेली.

“काय देऊ?”

“मावशी, मी पालिकेतली. म्हणजे होते. तुमचं ते शौचालय एक वर्ष उशिरा झालं ना, ते माझ्यामुळे.”

तिने वर बघितलं. “पैसं नव्हते ना?”

“होते. एक कागद लागत होता. तो माझ्याकडे होता. मी दिला नाही.”

“का?”

या एका प्रश्नाची तयारी मी केली नव्हती. रागावेल, रडेल, शिव्या देईल, सगळं धरून गेले होते.

“शालिनीला... वाघमारे बाईंना सगळे चांगलं म्हणायचे. ते मला बघवत नव्हतं.”

सुरी थांबली. शेजारची कोळीण आमच्याकडे बघायला लागली.

“येवड्यासाठी?” मावशी म्हणाली.

“हो.”

ती माझ्याकडे बघत राहिली. त्या नजरेत राग असता तर सोपं गेलं असतं. ती, एखादा मासा ताजा आहे की नाही ते बघावं, तशी बघत होती. मग म्हणाली, “आमी तिघी आल्तो त्या हॉलात. काशी आता येत नाय धंद्याला. तिला झेपना त्या वर्षी.” आणि सुरमईचा पुढचा तुकडा पाडला. “हो बाजूला. गिऱ्हाईक हाय.”

मी बाजूला झाले. जाऊ की थांबू ते कळेना. गिऱ्हाईक पैसे देऊन गेल्यावर तिने विचारलं, “वाघमारे बाई नाय आल्या बरोबर?”

“नाही.”

“तिला सांग, मांदेली चांगली आलीत. तिच्यासाठी वाटा काढून ठेवलाय म्हनावं.”

मला मांदेली फार आवडतात. आणि जे सांगायला गेले होते ते सांगून झाल्यावर, त्या बाईच्या वर्षाचा हिशेब ऐकल्यावरसुद्धा, मनात पहिलं हेच आलं, की तिच्यासाठी ठेवलाय. पोटात नेमकं तिथेच दुखलं.

बाजाराबाहेर येऊन मी शालिनीला फोन लावला. सण नव्हता काही, त्यामुळे तिने जरा घाबरूनच उचलला. मी निरोप जसा होता तसा दिला. एक शब्दही गाळला नाही.